जंगलातली शिकार आणि कोर्टातला खटला: नागपूर परिसरातून वारंवार विचारले जाणारे प्रश्न

पेंच, उमरेड-पवनी-कऱ्हांडला, मानसिंगदेव आणि बोर या जंगलांलगतच्या गावांतून, वन्यजीवप्रेमी मंडळींकडून, नव्याने रुजू झालेल्या वनरक्षकांकडून आणि कधी कधी आरोपीच्या नातेवाइकांकडूनही हेच प्रश्न येत राहतात. उत्तरं वन्यजीव (संरक्षण) अधिनियम, १९७२ च्या सध्याच्या रूपाप्रमाणे दिली आहेत. म्हणजे १ एप्रिल २०२३ पासून लागू झालेली दुरुस्ती धरून. फौजदारी प्रक्रियेसाठी १ जुलै २०२४ पासूनची भारतीय नागरिक सुरक्षा संहिता धरली आहे.

१. अभयारण्याच्या हद्दीबाहेर, स्वतःच्या शेतात शिकार केली तर गुन्हा होतो का?

होतो. कलम ९ ची बंदी जागा पाहत नाही. अनुसूची (कायद्याला जोडलेली संरक्षित प्राण्यांची यादी) एक किंवा दोनमधला प्राणी शेतात, झुडपी जंगलात, नाल्यात कुठेही मारला तरी गुन्हा आहे. जागेमुळे फरक पडतो तो शिक्षेत. भारतीय वन अधिनियम, १९२७ खालची राखीव आणि संरक्षित वनं वेगळी. वन्यजीव कायद्याखालची अभयारण्यं, राष्ट्रीय उद्यानं आणि व्याघ्र प्रकल्प वेगळे. अभयारण्यात चितळ मारणं आणि हद्दीबाहेर पन्नास मीटरवर चितळ मारणं यांत किमान तीन वर्षांच्या कैदेचा फरक आहे. म्हणून खटल्यात हद्दीवरूनच सगळ्यात जास्त वाद होतो (प्रश्न ७ पाहा).

२. फास लावला, पण काही अडकलंच नाही. मग शिकार कशी?

कलम २(१६) मध्ये शिकारीचा अर्थ फार मोठा आहे. मारणं, विष घालणं, पकडणं, फास किंवा सापळा लावणं, हाकारा करणं, आमिष ठेवणं आणि यातल्या कशाचाही प्रयत्न करणं, हे सगळं त्यात येतं. प्राण्याचा अवयव काढणं आणि पक्ष्यांची अंडी किंवा घरटी उचलणं हेही येतं. पाणवठ्यात युरिया कालवला आणि एकही जनावर मेलं नाही, तरी कलम लागतं. अभयारण्यात परवानगीशिवाय शस्त्र नेलं तर कलम ३१ वेगळं लागतं.

३. शिक्षा किती?

साधारण गुन्ह्याला ३ वर्षांपर्यंत कैद, १ लाख रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही. गुन्हा अनुसूची एकमधल्या प्राण्याबाबत असेल, किंवा अभयारण्यात वा राष्ट्रीय उद्यानात शिकार झाली असेल, तर किमान ३ आणि कमाल ७ वर्षं कैद आणि किमान २५ हजार दंड. व्याघ्र प्रकल्पात शिकार केली, किंवा त्याच्या गाभा क्षेत्रात इतर गुन्हा केला, तर कैद तितकीच, पण दंड किमान ५० हजार ते २ लाख. तिथेच दुसऱ्यांदा दोषी ठरल्यास कैद किमान ७ वर्षं आणि दंड ५ लाखांपासून ५० लाखांपर्यंत.

वाघ, बिबट, अस्वल, खवल्या मांजर, मोर हे अनुसूची एकमध्ये आहेत. चितळ, रोही, रानडुक्कर अनुसूची दोनमध्ये. जुन्या सहा अनुसूचींच्या आता चार झाल्या आहेत, त्यामुळे २०२३ पूर्वीची पुस्तकं आणि व्हॉट्सअ‍ॅपवर फिरणारे तक्ते बाजूला ठेवा.

४. शिकार चालू दिसली किंवा मेलेलं जनावर दिसलं तर काय करायचं?

वनविभागाची हेल्पलाइन १९२६ लावा. ती लागली नाही तर ११२. जागा सांगताना गावाचं नाव पुरत नाही. मोबाइलवरचं लोकेशन, जवळचा पाणवठा किंवा विजेचा खांब, किती माणसं, गाडी असेल तर नंबर आणि गेल्याची दिशा सांगा. जनावराला, फासाला, तारेला हात लावू नका. तार जिवंत असू शकते. भोवती गर्दी जमू देऊ नका, कारण पावलांचे ठसे पंचनाम्याआधीच तुडवले जातात. आणि फोटो ग्रुपवर टाकू नका! बातमी फुटली की उरलेला माल रातोरात हलतो.

५. पोलिसांनी आरोपी पकडले. त्यांचं दोषारोपपत्र चालत नाही का?

वन्यजीव कायद्याच्या कलमांपुरतं चालत नाही. उपनिरीक्षक किंवा त्यावरचा पोलीस अधिकारी कलम ५० खाली झडती, जप्ती, अटक करू शकतो. पण कलम ५५ प्रमाणे न्यायालय दखल घेतं ती ठरावीक व्यक्तींच्या तक्रारीवरच: मुख्य वन्यजीव रक्षक, राज्य शासनाने अधिकार दिलेला अधिकारी, व्याघ्र प्रकल्पाचा संचालक वगैरे. त्यामुळे पोलिसांनी मुद्देमाल आणि आरोपी वनविभागाकडे सोपवायचे आणि तक्रार वनविभागाने करायची. बंदूक सापडली असेल तर शस्त्र अधिनियमाचा गुन्हा मात्र पोलिसांकडे वेगळा नोंदवावा लागतो. भरमार बंदूक जप्त करून वनकार्यालयाच्या कपाटात ठेवून दिली, तर तो धागा तिथेच तुटतो.

तक्रारीला अधिकार दिल्याच्या अधिसूचनेची प्रत जोडा. हा एक कागद नसल्याने बचाव पक्षाला पहिल्याच तारखेला मुद्दा मिळतो.

६. पीओआर म्हणजेच एफआयआर का?

नाही. पीओआर हा वनगुन्ह्याचा प्राथमिक अहवाल. बहुधा वनरक्षक किंवा वनपाल तो लिहितो आणि वनपरिक्षेत्र अधिकाऱ्याकडे पाठवतो. त्यावरून चौकशी सुरू होते. न्यायालय दखल घेतं ती नंतरच्या तक्रारीवर. तरीही पीओआर निष्काळजीपणे लिहू नये, कारण उलटतपासणीत तोच पहिल्यांदा उघडला जातो. पंचनाम्यात सकाळी सात आणि पीओआरमध्ये दुपारी एक अशी वेळ असेल, तर मधल्या सहा तासांचा हिशेब द्यावा लागतो. घाईने अंदाजपंचे कलमं घालण्याऐवजी काय पाहिलं ते लिहा, कलमं चौकशीत वाढवता येतात.

७. घटनास्थळी पहिल्या काही तासांत नेमकं काय करायचं?

शिकारीचे बहुतेक खटले युक्तिवादात हरत नाहीत, इथेच हरतात. म्हणून हे उत्तर लांब आहे.

आधी जागा बांधून घ्या. दोरी लावा, आत-बाहेर करायची वाट एकच ठेवा, कोण आत गेलं त्याची वेळेसह नोंद करा. मग जीपीएसचे अक्षांश-रेखांश, बीट आणि कक्ष क्रमांक, जवळच्या हद्दखांबापासूनचं अंतर. अभयारण्याची अधिसूचना आणि नकाशा तक्रारीला जोडायचाच आहे. पंचनाम्यातला बिंदू त्या नकाशावर आत पडतो हे सर्वेक्षकाकडून सिद्ध करून घ्या. “घटनास्थळ अभयारण्यात आहे” असं वनरक्षकाने साक्षीत म्हटल्याने ते अभयारण्यात जात नाही.

पंच स्वतंत्र हवेत. दर प्रकरणात तेच दोन वनमजूर पंच म्हणून उभे केले की बचावाचा वकील मागच्या खटल्यांची यादीच काढतो. जंगलात माणूस मिळत नाही ही अडचण खरी आहे. तलाठी, शिक्षक, ग्रामसेवक यांना बोलावून घेतलं तर ते सहसा फितूर होत नाहीत.

प्रत्येक वस्तूचा आधी जागेवर मोजपट्टीसह फोटो, मग उचल, मग मोजमाप, मग वेगळी पिशवी आणि सील. फासाची तार असेल तर जाडी, लांबी, गाठ कशी मारली आहे तेही लिहा. तीच गाठ आरोपीच्या घरातल्या तारेवर दिसली तर तो मोलाचा पुरावा ठरतो. गाठ सोडू नका, तार दुसरीकडून कापा. रक्त लागलेली माती, पानं, कुऱ्हाड कागदी पाकिटात ठेवा. प्लॅस्टिकमध्ये ओल धरते आणि नमुना कुजतो. सीलचा नमुना पंचनाम्यावर उमटवा आणि मुद्देमाल कोणाकडून कोणाकडे, कधी गेला ती साखळी एका नोंदवहीत ठेवा. सील केलं रामटेकला, प्रयोगशाळेत पोचलं अकरा दिवसांनी, मधे कुठे होतं ते कागदावर नाही, असं झालं की डीएनए अहवाल कितीही चोख असो, त्यावरचा विश्वास उडतो.

झडती-जप्तीचं चित्रीकरण करा. ज्या मोबाइलने केलं त्याची नोंद ठेवा आणि भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ खालचं प्रमाणपत्र हॅश मूल्यासह (फाइल बदललेली नाही हे दाखवणारा आकडा) जोडा. कॅमेरा ट्रॅपच्या (जंगलात लावलेल्या, आपोआप फोटो घेणाऱ्या कॅमेऱ्याच्या) फोटोंनाही हेच लागू.

८. वाघाचं शवविच्छेदन आणि नमुने यांत काय चुकतं?

सगळ्यात जास्त वेळा चुकतं ते द्रावण. डीएनएसाठी घेतलेला स्नायूचा तुकडा फॉर्मॅलिनमध्ये टाकला की तो डीएनएसाठी जवळपास गेला. त्याला ९५ टक्के किंवा शुद्ध इथेनॉल हवं. फॉर्मॅलिन, तेही १० टक्क्यांचं, ऊतींच्या तपासणीसाठी. विषाच्या तपासणीसाठी जठर, यकृत, मूत्रपिंडाचे तुकडे मिठाच्या संपृक्त द्रावणात. तीन बरण्या, तीन चिठ्ठ्या आणि प्रत्येकीवर द्रावणाचं नाव.

राष्ट्रीय व्याघ्र संवर्धन प्राधिकरणाच्या कार्यपद्धतीप्रमाणे वाघाचा मृत्यू, उलट सिद्ध होईपर्यंत, शिकारच मानून तपासायचा असतो. विच्छेदनाच्या वेळी प्राधिकरणाचा आणि मुख्य वन्यजीव रक्षकांचा प्रतिनिधी हजर लागतो. नखं मोजा: पुढच्या पायांना पाच-पाच, मागच्यांना चार-चार, एकूण अठरा. सुळे चार. मिशाही पाहा. यातलं काही कमी भरलं तर ते तिथेच पंचनाम्यात यायला हवं. दोन्ही कुशींचे सपाट, स्पष्ट फोटो घ्या. पट्ट्यांवरून कॅमेरा ट्रॅपच्या नोंदींशी जुळवून तो कोणता वाघ होता हे कळतं, आणि पुढे कुठे कातडं सापडलं तर तेही जुळवता येतं.

९. फक्त शिजवलेलं मांस सापडलं. केस उभी राहते का?

राहते, पण नुसत्या भांड्यावर विसंबू नका. शिजवल्याने डीएनए तुटतो. कधी निकाल येतो, कधी “नमुना अपुरा” असा शेरा येतो. म्हणून त्याच घरात बाकीचं शोधा: मांस तोडायचा लाकडी ठोकळा, कोयत्याच्या मुठीतलं रक्त, परसात पुरलेले खूर आणि आतडी, चुलीतले जळके केस. कलम ५७ प्रमाणे ताबा सिद्ध झाला की तो कायदेशीर असल्याचं दाखवायची जबाबदारी आरोपीवर जाते. मात्र ताबा आणि ते मांस वन्यप्राण्याचंच आहे ही गोष्ट, ही दोन्ही आधी तुम्हालाच सिद्ध करायची आहेत. हे विसरून कलम ५७ वर भिस्त ठेवलेल्या तक्रारी पडतात. घरात पाच माणसं राहत असतील तर ताबा नेमका कोणाचा तेही लिहा.

१०. रानडुकरासाठी करंट लावला होता आणि वाघ मेला. शेतकऱ्याचा हेतू नव्हता, तरी गुन्हा?

गुन्हाच. रानडुक्करही अनुसूचीतला प्राणी आहे, तेव्हा “डुकरासाठी लावला होता” हे सांगणंच शिकारीच्या प्रयत्नाची कबुली ठरतं. वाहिनीवर आकडा टाकला असेल तर विद्युत अधिनियम, २००३ च्या कलम १३५ खाली वीजचोरीही होते. त्याच तारेला माणूस चिकटून मेला तर सदोष मनुष्यवधाचा गुन्हा पोलिसांकडे जातो. विदर्भात हे सगळं घडतं आणि दर पावसाळ्यानंतर पुन्हा घडतं.

पुरावा इथे लवकर नाहीसा होतो. तार गुंडाळून विहिरीत टाकली जाते, खुंट्या उपटल्या जातात, जनावर ओढत नाल्यात नेलं जातं. म्हणून खुंट्यांची भोकं शोधा आणि त्यांचं ओळीतलं अंतर मोजा. खुंट्यांवर विद्युतरोधक म्हणून बाटल्यांचे तुकडे किंवा प्लॅस्टिकची नळी बांधलेली असते. ती जप्त करा. ओढल्याची खूण मोजा. शवावर भाजल्याचा व्रण पाय, तोंड किंवा छातीवर मिळतो. तो कातडीसकट फॉर्मॅलिनमध्ये घ्या.

त्याच दिवशी महावितरणच्या उपकेंद्राला पत्र द्या. ११ केव्हीच्या फीडरवर त्या रात्री ट्रिपिंग झालं असेल तर लॉगमध्ये मिनिटासह वेळ मिळते. घरगुती जोडणीवरून करंट घेतला असेल तर अशी नोंद बहुधा मिळत नाही. तेव्हा विद्युत निरीक्षकाचा अहवाल आणि मीटरपासून शेतापर्यंतचा तारेचा माग कामी येतो. शेत ठोक्याने दिलेलं असेल तर सातबाऱ्यावरच्या मालकाला नव्हे, तर प्रत्यक्ष कसणाऱ्याला आणि तार लावणाऱ्याला शोधा.

११. मग पीक वाचवायचं कसं? डुक्कर मारायची परवानगी मिळते का?

अनुसूची दोनमधला प्राणी उभ्या पिकाला धोकादायक झाला असेल, तर कलम ११(१)(ख) खाली मुख्य वन्यजीव रक्षक किंवा अधिकार दिलेला अधिकारी कारणांसह लेखी परवानगी देऊ शकतो. आपल्याकडे अर्ज वनपरिक्षेत्र कार्यालयात करायचा. तोंडी “मारा, बघून घेऊ” याला काडीचीही किंमत नाही. परवानगी मिळाली तरी करंट, विष, गावठी बॉम्ब यांना ती मिळालेली नसते. झटका देणारं सौर कुंपण चालतं, त्याला डॉ. श्यामाप्रसाद मुखर्जी जन-वन विकास योजनेतून अनुदानही आहे. पीकनुकसानीच्या भरपाईचा अर्ज वेगळा, तो अडकवून ठेवू नका.

१२. आरोपीने वनरक्षकासमोर कबूल केलं. तेवढं पुरेसं नाही का?

नाही. वनाधिकारी हे पोलीस नसल्याने त्यांच्यासमोरची कबुली आपोआप बाद होत नाही हे खरं, पण ती स्वेच्छेने दिली होती हे पटवावं लागतं. कलम ५०(८) खाली साक्ष नोंदवण्याचा अधिकार सहायक वनसंरक्षक (एसीएफ) किंवा त्यावरच्या, शासनाने अधिकार दिलेल्या अधिकाऱ्याला आहे. ती आरोपीच्या समक्ष नोंदवली असेल तर कलम ५०(९) प्रमाणे खटल्यात ग्राह्य धरली जाते. वनपरिक्षेत्र अधिकाऱ्याने लिहून घेऊन नंतर एसीएफची सही घ्यायची, ही वाट धोक्याची आहे, उलटतपासणीत “तुम्ही प्रत्यक्ष हजर होता का?” एवढा एकच प्रश्न पुरतो. त्यापेक्षा आरोपीने दाखवलेल्या जागेवरून काढून दिलेली तार, कातडं, हाडं यांना वजन जास्त.

मारहाण करून घेतलेली कबुली खटला तर बुडवतेच, शिवाय अधिकाऱ्यालाही अडकवते.

१३. अटकेनंतर मुदती कोणत्या?

चोवीस तासांच्या आत न्यायदंडाधिकाऱ्यांपुढे हजर करायचं. अटकेची कारणं लेखी आणि आरोपीला कळेल अशा भाषेत द्यायची, नातेवाइकाला कळवून त्याची नोंद ठेवायची. वैद्यकीय तपासणी करून घ्यायची. वनकोठडी मागताना “अधिक तपास बाकी” एवढंच लिहू नका. कोणती वस्तू काढायची आहे, कोणता साथीदार शोधायचा आहे ते लिहा. कोठडी एकूण पंधरा दिवसांची, ती पहिल्या चाळीस दिवसांत तुकड्यातुकड्यांनी घेता येते.

खरी मुदत साठ दिवसांची. तोवर तक्रार दाखल झाली नाही तर आरोपी हक्काने जामीन मागतो. प्रयोगशाळेचा अहवाल आला नाही म्हणून थांबू नका. तक्रार दाखल करा, अहवाल नंतर जोडण्याची परवानगी त्यातच मागा.

१४. वन्यजीव गुन्ह्यात जामीन मिळतच नाही, असं ऐकलं. खरं का?

अर्धवट खरं. कलम ५१-क ची कडक अट या कायद्याखाली आधी दोषी ठरलेल्या माणसाला लागते, तीही अनुसूची एकमधल्या प्राण्याच्या किंवा अभयारण्य-राष्ट्रीय उद्यानातल्या शिकारीच्या गुन्ह्यात. पहिल्यांदा पकडलेल्याचा जामीन नेहमीच्या निकषांवर ठरतो. म्हणून जुन्या निकालाची प्रमाणित प्रत शोधून ठेवणं महत्त्वाचं. नुसता जुना गुन्हा दाखल असून भागत नाही, शिक्षा झालेली हवी.

१५. जप्त गाडी आपोआप सरकारजमा होते ना?

गुन्ह्यात वापरलेलं, जप्त झालेलं वाहन कलम ३९ प्रमाणे शासनाची मालमत्ता ठरतं. पण मध्य प्रदेश शासन विरुद्ध मधुकर राव या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २००८ मध्ये सांगितलं की, वाहन खरोखर गुन्ह्यात वापरलं होतं हे न्यायालयात ठरल्यावरच ते शासनाचं होतं, तोवर न्यायदंडाधिकारी ते बंधपत्रावर सोडू शकतात. अर्जाला विरोध करायचा असेल तर त्याआधी गाडीतले रक्त-केसांचे नमुने घेतलेले असू द्या. गाडी सुटल्यावर ती पहिल्यांदा वॉशिंग सेंटरलाच जाते.

१६. पैसे भरून प्रकरण मिटवता येतं का?

कलम ५४ खाली किरकोळ गुन्हे तडजोडीने मिटतात. ज्या गुन्ह्याला किमान कैद आहे तो मिटत नाही (प्रश्न ३ पाहा). तसं सांगून कोणी पैसे मागत असेल तर तो फसवतोय.

१७. खटले इतके का रखडतात?

पोलीस खटल्यापेक्षा इथे एक पायरी जास्त आहे. हा तक्रारीवरचा वॉरंट खटला, म्हणजे दोन वर्षांपेक्षा जास्त कैदेच्या गुन्ह्याचा. आधी आरोप ठेवण्यापूर्वीचा पुरावा, मग आरोपनिश्चिती, मग आरोपीने मागितल्यास तेच साक्षीदार पुन्हा उलटतपासणीला. मधल्या काळात वनरक्षकाची बदली होते, पंच मजुरीला बाहेरगावी जातो, पशुवैद्यकीय अधिकारी निवृत्त होतो. उपाय साधाच: साक्षीदारांचे कायमचे पत्ते आणि दोन फोन नंबर ठेवा, प्रत्येक प्रकरणाला एक पैरवी कर्मचारी नेमा, बदली झालेल्याला जुन्या पंचनाम्याची प्रत साक्षीच्या दोन दिवस आधी वाचायला द्या.

आणखी एक बारकावा. प्रथमवर्ग न्यायदंडाधिकारी तीन वर्षांपेक्षा जास्त कैद देऊ शकत नाहीत. त्याहून जास्त शिक्षा हवी असेल तर प्रकरण मुख्य न्यायदंडाधिकाऱ्यांकडे पाठवण्याची विनंती अभियोग पक्षाने वेळेत करायची असते.

१८. जंगलात गळून पडलेलं चितळाचं शिंग घरी आणलं. ही शिकार आहे का?

शिकार नाही, पण बेकायदा ताबा आहे. कलम ३९ प्रमाणे अशी वस्तू मिळाल्यापासून ४८ तासांत जवळच्या पोलीस ठाण्यात किंवा अधिकृत अधिकाऱ्याकडे कळवून द्यावी लागते. आजोबांच्या काळचं कातडं दिवाणखान्यात असेल तर मालकीचं प्रमाणपत्र दाखवावं लागेल. बाजारातली “वाघनखं” पुष्कळदा गुरांच्या शिंगा-खुरांची असतात. म्हणून जप्तीनाम्यात “वाघनख” न लिहिता “वाघनखासारखी दिसणारी वस्तू” असं लिहा. नकली निघाली तर वन्यजीव गुन्हा उरत नाही, विक्रेत्यावर फसवणुकीचा होऊ शकतो.

१९. वनहक्क मिळालेल्या आदिवासींना पारंपरिक शिकारीची सूट आहे ना?

नाही. २००६ च्या वनहक्क कायद्याच्या कलम ३(१)(ठ) मध्ये पारंपरिक हक्कांना मान्यता देताना शिकार, सापळा लावणं आणि प्राण्याचा अवयव काढणं स्पष्टपणे वगळलं आहे. मोह, तेंदू, मध यांचे हक्क त्यामुळे कमी होत नाहीत. मोह वेचायला गेलेल्या बाईला शिकारी ठरवणं हाही कायद्याचा दुरुपयोगच.

२०. पेंच राष्ट्रीय उद्यानातल्या तोतलाडोह जलाशयात जाळं टाकलं तर ती शिकार का?

रोहू-कटला अनुसूचीत नाहीत, त्यामुळे कलम ९ सहसा लागत नाही. पण राष्ट्रीय उद्यानात परवानगीशिवाय प्रवेश आणि तिथला जलचर नेणं, यांना वेगळी कलमं आहेत (कलम ३५ आणि, अभयारण्यात, कलम २७ व २९). तक्रारीत “शिकार” लिहून मोकळं झालं की खटला चुकीच्या पायावर उभा राहतो.

२१. अंगावर आलेल्या अस्वलाला मारलं तर?

स्वतःचा किंवा दुसऱ्या माणसाचा जीव वाचवताना, सद्‌भावनेने मारलं तर कलम ११(२) प्रमाणे गुन्हा नाही. बैल किंवा शेळी वाचवताना मारलं तर हे संरक्षण नाही. त्या वेळी तुम्हीच या कायद्याविरुद्ध काही करत असाल, समजा फास तपासायला गेला होता, तरीही नाही. मेलेलं जनावर शासनाचं, ताबडतोब कळवा.

२२. वनविभागाने काहीच केलं नाही तर सामान्य माणूस कोर्टात जाऊ शकतो का?

जाऊ शकतो. शासनाला किंवा अधिकृत अधिकाऱ्याला किमान ६० दिवसांची लेखी नोटीस द्यायची, मग कलम ५५ खाली स्वतः तक्रार करायची. नोटिशीत घटना, तारीख, जागा, कलमं आणि तक्रार करण्याचा इरादा हवा. पोचपावती जपून ठेवा. ती नसेल तर तक्रार उंबरठ्यावरच अडते. वनविभागाला जी कागदपत्रं लागतात ती सगळी तुम्हालाही लागतील, ही अडचण आधीच ओळखून ठेवा.

२३. गुन्हा २०२२ चा, तक्रार आज. कोणती अनुसूची, कोणता दंड?

गुन्हा घडला त्या दिवशीचा कायदा. १ एप्रिल २०२३ पूर्वीच्या शिकारीला जुन्या अनुसूची आणि जुने दंड लागतात. नवा वाढीव दंड मागे लावता येत नाही. कमाल शिक्षा तीन वर्षांची असेल तर दखल घेण्याची मुदतही तीन वर्षांची आहे, सात वर्षांच्या गुन्ह्यांना अशी मुदत नाही. तारीख नक्की नसेल, जसं घरात सुकवलेलं कातडं सापडलं, तर शिकारीच्या तारखेच्या मागे न लागता ताब्याचा गुन्हा जप्तीच्या तारखेचा धरा.